राजघाटावरून बऱ्हाणपूर

ग्रंथाचे जसे, तसे शहराचेही चुकीचे वाचन होऊ शकते. बऱ्हाणपूरच्या बाबतीत ते पुष्कळ वर्षे होत आले आहे, आणि त्यात आपणा मराठी वाचकांचा वाटा थोडाथोडका नाही.

आपल्याला हे शहर दोन प्रसंगांपुरते ठाऊक असते. १६३१ मध्ये येथे झालेला मुमताजमहलचा मृत्यू हा एक, आणि १६८१ ची बऱ्हाणपूरची लूट हा दुसरा. शाळेची सहल परतली की मी मुलांकडून निबंध लिहून घेतो. बहुतेक मुले मुमताजवर लिहितात, उरलेली लुटीवर. राजघाटाच्या पायऱ्यांवर बसून सर्वांनी डबे खाल्लेले असतात. निबंधात मात्र घाट नसतो. मुलांना दोष कसा द्यावा? त्यांना आपणच तसे वाचायला शिकवले. शिवाजी सावंतांच्या कादंबरीवर बेतलेला ‘छावा’ हा हिंदी चित्रपट २०२५ मध्ये आला, तेव्हा मार्च महिन्यात असीरगडाजवळच्या शेतांत मोठी माणसे रात्री बॅटऱ्या घेऊन मोगली मोहरांसाठी माती उकरत होती. इतिहास म्हणजे पुरलेले धन, एवढाच त्या वाचनाचा अर्थ. उदगीरच्या लढाईनंतर १७६० मध्ये हे शहर पेशव्यांकडे आले, पुढे शिंद्यांकडे गेले आणि १८६१ मध्ये इंग्रजांच्या हाती पडले. म्हणजे आपण येथे केवळ लुटायला आलो नाही, नांदलोही. पण त्या नांदण्याची आठवण कोणाला होत नाही.

मुमताजचे वाचन अधिक गोड आहे, म्हणूनच अधिक घातक. तापीपलीकडे जैनाबादच्या आहूखान्यात तिला तात्पुरते दफन केले आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात तो देह आग्र्याकडे नेला. यापुढे दंतकथा सुरू होते : ताजमहाल येथेच व्हायचा होता, पण माती भुसभुशीत निघाली, संगमरवर दूर पडला, वगैरे. जे येथे बांधलेच गेले नाही त्याची हळहळ करीत प्रवासी हिंडतात. शाही किल्ल्यातील हमामखान्याच्या छतावरील रंगकाम स्वतःच्या गुणावर पाहावे असे आहे. तेथेही माना वर करून ताजचे चित्र शोधले जाते.

राजघाटावर उभे राहिले की वेगळे बऱ्हाणपूर दिसते. डोक्यावर किल्ला, पुढ्यात तापी, पैलतीरी जैनाबाद. बुऱ्हाणुद्दीन आणि जैनुद्दीन या गुरुशिष्यांची नावे दोन काठांना मिळाली. दोघांच्याही कबरी खुलताबादेत आहेत. जहांगीराच्या काळात विल्यम फिंच हा इंग्रज व्यापारी येथून गेला. किल्ल्याच्या बाजूला नदीत असलेला दगडी हत्ती त्याने नोंदवून ठेवला आहे. तो इतका हुबेहूब, की पाण्यावर आलेल्या खऱ्या हत्तीने त्याला धडक दिली आणि स्वतःचे दात मोडून घेतले! गोष्ट खरी की रचलेली, हा प्रश्न सोडून देऊ. मला महत्त्वाची वाटते ती त्याची पुढची नोंद : हत्तीचे मस्तक लाल रंगविलेले होते आणि भोळे लोक त्याची पूजा करीत. फिंचने हे काहीशा तुच्छतेने लिहिले. पण तो लाल रंग म्हणजेही एक प्रकारचे जतनच होते. शेंदराखाली कोरीवकाम बुजते, हे मला मान्य आहे. तरीही ज्या दगडाला शेंदूर लागतो, तो सहसा कोणी घराच्या पायात घालीत नाही.

आपल्या सरकारी जतनाला शेंदूर समजत नाही, कुंपण समजते. १९५८ च्या कायद्यान्वये किल्ल्यातील महाल संरक्षित आहे. २०१० च्या दुरुस्तीनंतर संरक्षित वास्तूच्या हद्दीपासून १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम निषिद्ध झाले आणि त्यापुढील २०० मीटरमध्ये परवानगी आवश्यक झाली. हेतू चांगलाच आहे. पण या कायद्याच्या नजरेला वास्तू दिसते, वस्ती दिसत नाही. जवळच्या घराची तुळई बदलायची तर अर्ज करा आणि वाट पाहा; थोडे पुढे, शनवारा-इतवाऱ्याच्या बाजूला, एखादे लाकडी सज्जाचे घर पाडून सिमेंटचा ठोकळा उभा राहिला तर या कायद्याला त्याचे काही नाही. मुंबईने १९९५ मध्ये वारसा नियम केले, तेव्हा सुट्या इमारतींबरोबर संपूर्ण परिसरही यादीत घेता येऊ लागले. बऱ्हाणपूरला लागू पडणारा विचार तो आहे. घाट, किल्ल्याची नदीकडची बाजू, तेथून गांधी चौकातल्या जामा मशिदीपर्यंतची वाट : हे एकच वाक्य आहे. मशिदीत फारुकी राजांची वंशावळ सांगणारा संस्कृत शिलालेख आहे, शके १५११ चा. वाक्यातले शब्द सुटे करून एकेक काचेच्या पेटीत ठेवले, तर वाक्य उरत नाही.

खुनी भंडाऱ्याचेही तेच. सातपुड्याच्या उतारावरून झिरपणारे पाणी कुंड्यांच्या रांगेतून शहरात आणणारी ही १६१५ ची भूमिगत योजना २०२४ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. आनंद वाटला. पण यादीत कुंड्या जातात, पाणी जात नाही. वरच्या शिवारात केळीसाठी बोअर खोल जात राहिले, तर कुंड्यांची तेवढी विहिरींसारखी भोके उरतील.

राजघाटाच्या बाबतीत ‘सुशोभीकरण’ या शब्दाची मला धास्ती वाटते. चकचकीत फरशी, रंगीत दिवे, सिमेंटचे कमळ हे सारे नदीकाठच्या गावांतून आपण पाहत आलो आहोत. आषाढ शुद्ध सप्तमीला तापीची ओटी भरायला येणाऱ्या बाया, दहाव्याला बसणारे लोक, पोहायला शिकणारी पोरे यांना घाटावरून न हलवता त्याची डागडुजी व्हावी. पायरीचा दगड निखळला तर त्याच जातीचा दगड चुन्यात बसवणारा गवंडी शोधावा. तो मिळेपर्यंत ती जागा रिकामी राहिली तरी चालेल.