वीस वर्षं शेजारच्या खुर्चीत

माझ्या भाच्याला फुटबॉलचं वेड. नोकरीनिमित्त गोव्याला गेल्यापासून तर ते वाढलंच. मागच्या दिवाळीत बेळगावला आला, तेव्हा पिशवीतून एक इंग्रजी पुस्तक काढून माझ्या हातात दिलं. म्हणाला, "मावशी, ह्यात खेळ कमी आणि माणूस जास्त आहे. तू वाच." मी नाव बघितलं आणि पुस्तक पालथं करून ठेवलं. 'प्रोव्हायडेड यू डोन्ट किस मी'. म्हणजे, मुका घेणार नसशील तर! समोर सासूबाई वाती वळत बसलेल्या. त्यांना इंग्रजी येत नाही ही त्या दिवशी देवाची कृपाच म्हणायची.

पुस्तक डंकन हॅमिल्टन या पत्रकाराचं. विषय ब्रायन क्लफ, इंग्लंडमधला फुटबॉल मॅनेजर. 2007 साली ते निघालं आणि त्याच वर्षी तिकडचं क्रीडा-पुस्तकांचं मोठं विल्यम हिल बक्षीस त्याला मिळालं. बक्षीस देणारी कंपनी सट्टा घेणारी आहे. आपल्या सप्तव्यसनांच्या यादीत पहिलंच नाव जुगाराचं, तेव्हा मला जरा हसू आलं. असो.

तिथला मॅनेजर म्हणजे ऑफिसातला नव्हे. संघ तो निवडतो, खेळाडू तो विकत घेतो आणि विकतो, कोणाला बसवायचं तेही तोच ठरवतो. हरलं की पहिली नोकरी जाते ती त्याचीच. क्लफचा जन्म 1935चा, मिडल्सब्रोच्या मोठ्या कष्टकरी कुटुंबातला. खेळाडू म्हणून 274 लीग सामन्यांत 251 गोल, आणि 1962च्या नाताळाच्या दुसऱ्या दिवशी गुडघा निकामी. तिथून मॅनेजर. 1972मध्ये त्याने डर्बी काउंटीला इंग्लंडचा विजेता केलं. लीड्समध्ये 1974 साली 44 दिवसांत हाकललं गेला. 1975च्या जानेवारीत नॉटिंगहॅम फॉरेस्टला आला, तेव्हा ते दुसऱ्या श्रेणीत रखडत होते. 1978ला ते इंग्लंडचे विजेते झाले आणि 1979, 1980 अशी लागोपाठ दोन वर्षं युरोपचे. स्वतःच्या देशाचं लीग विजेतेपद एकदा आणि युरोपचं दोनदा, असा हा क्लब. भाच्याने हे सांगताना हातवारे केले ते मी केले नाहीत, पण मलाही नवल वाटलं.

हॅमिल्टन त्याला पहिल्यांदा भेटला तेव्हा जेमतेम अठरा वर्षांचा पोरगा. बोलताना अडखळणारा. पुढे नॉटिंगहॅमच्या संध्याकाळच्या वर्तमानपत्रात फॉरेस्टच्या बातम्या करायला लागला आणि क्लफच्या खोलीतल्या खुर्चीत त्याची वीस वर्षं गेली. क्लफने ह्या पोराला ओरडून हाकललं, पुन्हा बोलावलं, त्याच्या अडखळण्याकडे दुर्लक्ष न करता त्याला बोलतं केलं, दुसऱ्या कोणाला सांगितलं नसतं ते सांगितलं. पुस्तक जन्म, शाळा, लग्न असं रांगेने जात नाही. दार उघडतं, हिरवा स्वेटशर्ट घातलेला क्लफ दिसतो आणि आपण आत बसतो. इतकं जवळून एखाद्या माणसाला दाखवणारं चरित्र मी मराठीतसुद्धा फार वाचलेलं नाही. आपल्याकडची चरित्रं बहुतेक हार घालूनच लिहिलेली असतात.

पहिल्यांदा मी ते भारावून वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना मला राग येत गेला. कशाचा, ते सांगायला हा लेख.

क्लफविषयी कोणीही बोलायला लागलं की वाक्याच्या मधे एक 'पण' येतो. रॉय कीनचंच बघा. कोवळा खेळाडू होता, सामन्यात चूक झाली म्हणून क्लफने त्याला ठोसा मारून पाडला. हे कीनने स्वतः आत्मचरित्रात लिहिलंय, आणि तोच कीन आजही म्हणतो की क्लफसारखा मॅनेजर नाही. 1989मध्ये सामना जिंकल्यावर मैदानात धावून आलेल्या प्रेक्षकांच्या ह्याने कानफटात मारल्या. मार खाल्लेल्यातल्या काहींनी नंतर टीव्हीवर त्याचा मुका घेतला म्हणे. बघा, हे नाव तिथवर जातं! मारलं, पण मनाने मोठा. ओरडला, पण आपल्या भल्यासाठी. मैत्रिणींनो, हे वाक्य आपण किती घरांत ऐकलं? माजघरात बसून कितीदा स्वतःच म्हटलं? हॅमिल्टनच्या पुस्तकाचा सगळा गोडवा ह्या 'पण'मध्ये आहे. तो गोडवा खोटा नाही, म्हणून तर अवघड होतं.

ज्याच्या गोष्टीत असा 'पण' लावता येत नाही, तो जस्टिन फॅशनू. 1981 साली क्लफने त्याला नॉर्विचकडून दहा लाख पौंडांना घेतलं. वीस वर्षांचा काळा मुलगा. तो समलिंगी पुरुषांच्या क्लबात जातो हे कळल्यावर क्लफने त्याला काय उलटसुलट विचारलं, ते क्लफच्याच आत्मचरित्रात आहे, आणि ते सांगताना त्याला त्यात आपली हुशारी दिसते. पुढे त्याला सरावाला यायची बंदी केली, तरी तो आला, तर पोलीस बोलावून बाहेर काढलं. पुढच्या वर्षी पंधरा टक्के किमतीला विकून टाकलं. 1998मध्ये फॅशनूने आत्महत्या केली. मधल्या वर्षांत त्याच्यावर बरंच काही गुदरलं, सगळा दोष एका माणसाच्या माथी मारता येणार नाही, मी मारतही नाही. पण खोलीतल्या त्या दुसऱ्या खुर्चीवरून फॅशनू दिसतच नाही नीट. त्याची बाजू सांगणारं कोणी त्या खोलीत बसलेलंच नव्हतं.

पाठशाळेत आपल्याला आंधळे आणि हत्तीची गोष्ट सांगतात. त्यातून आपण शिकतो ते इतकंच, की सगळेच थोडे थोडे बरोबर. मला वाटतं, आपण ती अर्धीच शिकतो. 'स्यात्' म्हणजे 'कदाचित' नव्हे, 'एका अपेक्षेने' असं आमचे पंडितजी घोकून घ्यायचे. शेपूट धरणाऱ्याने 'मी शेपूट धरलंय' हे आधी सांगितलं पाहिजे. हॅमिल्टन ते सांगतो. मी ह्या माणसाचा ऋणी आहे, मला त्याचं प्रेम मिळालं, माझ्या नोकरीला त्याची गरज होती, हे तो लपवत नाही. ह्या बाबतीत त्याचं पुस्तक डेव्हिड पीसच्या 'द डॅम्ड युनायटेड' कादंबरीपेक्षा मला कितीतरी प्रामाणिक वाटतं. त्या कादंबरीत लीड्सचे 44 दिवस क्लफच्या डोक्यात शिरून लिहिलेत. क्लफच्या घरच्यांना ती सोसली नाही, आणि जॉनी जाइल्स हा खेळाडू तर वकिलाकडे गेला. कोणाच्या डोक्यात शिरण्यापेक्षा शेजारच्या खुर्चीत बसलेलं बरं. फक्त हत्तीच्या पायाखाली जो आला, त्याला काय दिसलं, ते त्या गोष्टीतही कोणी विचारत नाही.

आता दारूचं. इथे मला थोडं घरचं बोलावं लागेल.

क्लफ प्यायचा. आधी थोडी, मग सकाळपासून. चेहरा लाल, खडबडीत झाला. 1991च्या एफए कप फायनलमध्ये जादा वेळ सुरू व्हायच्या आधी सगळे मॅनेजर मैदानात जाऊन पोरांना धीर देतात, हा बाकावरच बसून राहिला. सामना गेला. 1993ला फॉरेस्ट पहिल्या श्रेणीतून खाली घसरले आणि तो निवृत्त झाला. 2003मध्ये यकृत बदलावं लागलं आणि 2004च्या सप्टेंबरात तो गेला. रोज त्याच्यासमोर बसणाऱ्या पत्रकाराला हे दिसत होतं. संध्याकाळच्या पेपरात मात्र सामन्याची बातमी यायची. पुस्तकातली दारूची पानं सगळ्यात चांगली आहेत. तिथे हॅमिल्टनचा हात कापतो, असं वाटतं. पण ती लिहिली गेली माणूस गेल्यानंतर.

माझा मामा प्यायचा. आमच्या घरी, जिथे मध चालत नाही, कांदा-लसूण चातुर्मासात बंद, तिथे हा शब्दच उच्चारला जायचा नाही. 'त्याचं डोकं दुखतंय' असं म्हणायचं. मामा दुकानातून उशिरा आला की मामी न बोलता वेगळा पेला धुवून, वेगळ्या फळीवर पालथा घालायची. दुकानातले दिवाणजी त्याच्या शेजारी तीस वर्षं बसले. सगळं माहीत असलेला तो एकच बाहेरचा माणूस. मामा गेल्यावर बाराव्या दिवशी ते मामीसमोर रडले आणि एकेक सांगायला लागले. कुठे जायचा, कोणाबरोबर, किती. मामीने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "हे तुम्ही वीस वर्षांपूर्वी सांगायचं होतं. आता काय करू मी ह्याचं?"

हॅमिल्टन दिवाणजींसारखा नाही, हे मला मान्य आहे. पत्रकाराने काय छापावं आणि नोकराने काय सांगावं, ह्यात फरक आहेच. शिवाय क्लफने स्वतः 2002च्या दुसऱ्या आत्मचरित्रात दारूबद्दल कबुली दिली होती. तरी ती पानं वाचताना मला सारखे दिवाणजीच दिसत होते. आपण दिवाणजींना दोष दिला का? नाही दिला. चांगला माणूस, निष्ठावंत माणूस, असंच म्हणालो. माझा राग क्लफवर नाही आणि हॅमिल्टनवरही तितकासा नाही. तो त्या गप्प बसण्याला आपण निष्ठा म्हणतो, ह्याचा आहे.

पुस्तकातला दुसरा धागा पीटर टेलरचा, आणि तिथे मला रागावता आलं नाही. टेलर हा क्लफचा जोडीदार. खेळाडू हुडकायचा तो, त्यांना पेटवायचा क्लफ. 1983मध्ये टेलर डर्बीला असताना क्लफला न विचारता त्याने फॉरेस्टचा जॉन रॉबर्टसन उचलला आणि दोघांचं बोलणं बंद झालं ते कायमचं. 1990च्या ऑक्टोबरात टेलर अचानक गेला. क्लफ अंत्ययात्रेला गेला. 1994ला आत्मचरित्र निघालं, ते त्याने टेलरला अर्पण केलं. सात वर्षांत सात क्षमावाण्या येतात. नॉटिंगहॅम ते डर्बी अंतर इथून खानापूर असेल तितकंच. आता त्या रस्त्याला क्लफचंच नाव आहे.

ह्याच हॅमिल्टनने पुढे हॅरॉल्ड लारवूडवरही लिहिलं, बॉडीलाइनवाला. त्यालाही तेच बक्षीस मिळालं. क्रिकेटवाल्या मैत्रिणींनी तिथून सुरुवात केली तरी चालेल. पण आधी हेच वाचा असं मी म्हणेन. इंग्रजी सोपं आहे, मधल्या शिव्या ओलांडून पुढे जायचं.

मामी आता ऐंशीच्या घरात आहे. दशलक्षणात तिच्याकडे गेले होते, तेव्हा हे पुस्तक पिशवीत होतं. कोणाचं म्हणून तिने विचारलं. मी थोडक्यात सांगितलं. खेळ तिला कळला नाही, बाकी सगळं कळलं.

"त्याची बायको होती काय?" मामीने विचारलं.

"होती की. बार्बरा. चव्वेचाळीस-पंचेचाळीस वर्षांचा संसार, तीन मुलं."

"मग तिनं काय सांगितलंय ह्यात?"

मी पानं चाळली. बार्बरा येते ती कडेकडेने, नाव येतं आणि जातं. "फारसं नाही," मी म्हटलं.

मामी हसली आणि चहा ठेवायला उठली.