केशवराव भोसले : बालनटाच्या प्रौढत्वाचा प्रश्न

१

मराठी संगीत रंगभूमीच्या इतिहासात केशवराव भोसले यांचे नाव मुख्यतः दोन प्रसंगांशी निगडित झाले आहे. पहिला, ‘स्वदेशहितचिंतक’ नाटक मंडळीत बालवयात त्यांनी साकारलेली शारदा. आणि दुसरा, ८ जुलै १९२१ रोजी मुंबईत बालगंधर्वांसमवेत झालेला ‘संयुक्त मानापमान’चा प्रयोग. या दोन प्रसंगांच्या मधला काळ एका असामान्य गळ्याच्या दिग्विजयाचा काळ म्हणून वर्णिला जातो. ईश्वरी देणगी, अलौकिक आवाज आणि अकाली मृत्यू या तीन शब्दसमूहांत केशवरावांचे बहुतेक चरित्र सामावलेले दिसते.

या वर्णनात असत्य काही नाही. परंतु त्याने स्पष्टीकरण मात्र होत नाही. देणगी असलेली मुले त्या काळच्या नाटक मंडळ्यांत थोडीथोडकी नव्हती. त्यांपैकी पुष्कळशी आवाज फुटताच विस्मृतीत गेली, काही दुय्यम भूमिकांत रमली, आणि फारच थोडी स्वतःच्या हिमतीवर उभी राहिली. म्हणून केशवरावांसंबंधी विचारावयाचा खरा प्रश्न हा आहे की, बालनट असलेल्या या मुलाने प्रौढपणी आपल्या बालनटत्वाचे काय केले? त्यांच्या कारकीर्दीचा अर्थ या प्रश्नाच्या अनुरोधाने पाहिल्यास अधिक स्पष्ट होतो.

येथे एक भेद आरंभीच लक्षात घेतला पाहिजे. नारायणराव राजहंस यांच्या ‘बालगंधर्व’ या पदवीमुळे मराठी प्रेक्षकांच्या मनात बालनटाची प्रतिमा त्यांच्याभोवती घोटाळते. वस्तुतः १८८८ मध्ये जन्मलेले नारायणराव १९०५ मध्ये, म्हणजे सतराव्या वर्षी, किर्लोस्कर मंडळीत दाखल झाले. ९ ऑगस्ट १८९० रोजी कोल्हापुरात जन्मलेले केशवराव वयाने दोन वर्षांनी लहान. तथापि नारायणरावांनी तोंडाला रंग लावला त्यापूर्वीच त्यांच्या पदरी कितीतरी वर्षांची रंगभूमीची मेहनत जमा होती. ‘बाल’ हे विशेषण एकाच्या नावात आहे. बालपण रंगभूमीवर खर्ची पडले ते दुसऱ्याचे.

२

बालनटाचा विचार नाटक मंडळीच्या व्यवस्थेपासून अलग करता येत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस फिरती नाटक मंडळी ही बिऱ्हाडाची, तालमीची आणि व्यापाराची एकच संस्था होती. स्त्रीभूमिका पुरुषांनीच करावयाच्या या रूढीमुळे कोवळ्या आवाजाच्या आणि देखण्या चेहऱ्याच्या मुलांना विशेष मागणी असे. गरीब घरातील पालक मुलाला मंडळीच्या स्वाधीन करीत. अन्न, वस्त्र, थोडे वेतन आणि पदांची तालीम या मोबदल्यात तो मुलगा मंडळीचा होऊन जाई. नावारूपाला आलेल्या मुलाला दुसऱ्या मंडळीने फोडू नये म्हणून मालक डोळ्यांत तेल घालून जपत. या जपण्यात वात्सल्य किती आणि हिशेब किती, हे वेगळे करून सांगणे कठीण आहे.

भोसले कुटुंबाची स्थिती हलाखीची होती, आणि केशवराव अगदी कोवळ्या वयात जनुभाऊ निमकर यांच्या ‘स्वदेशहितचिंतक’ मंडळीत गेले ते या गरजेपोटी. तेथे त्यांना शाळा मिळाली नाही, परंतु एक विद्या मिळाली. तालीममास्तर, पेटीमास्तर आणि रोजचा प्रेक्षक हे त्यांचे गुरू. पद कानांनी घ्यावयाचे, गळ्यात बसवावयाचे आणि रात्री हजार माणसांच्या कानांपर्यंत पोचवावयाचे, हा त्या विद्येचा क्रम. ध्वनिवर्धक नसलेल्या त्या काळी शेवटच्या रांगेला ऐकू जाणारा उंच, भेदक स्वर हे मंडळीचे भांडवल होते. ते एका मुलाच्या गळ्यात होते, मात्र त्याच्या मालकीचे नव्हते.

येथे साधनांचीही एक अडचण उद्भवते. त्या युगातील मंडळ्यांचे अंतरंग गणपतराव बोडस यांची ‘माझी भूमिका’, चिंतामणराव कोल्हटकर यांचे ‘बहुरूपी’ किंवा मामा वरेरकर यांचा ‘माझा नाटकी संसार’ यांसारख्या आत्मचरित्रांतून आपणांस कळते. ही आत्मचरित्रे दीर्घायुषी आणि लिहित्या माणसांची आहेत. एकतिसाव्या वर्षी निवर्तलेल्या केशवरावांची बाजू इतरांच्या आठवणींतूनच आली, आणि या आठवणींचा कल चमत्कार सांगण्याकडे अधिक आहे. बालनटाची कथा प्रौढ सांगतात, तेव्हा त्यातील श्रम गळतात आणि चमत्कार उरतो. समीक्षकाने या प्रवृत्तीपासून सावध राहावयास हवे.

३

‘शारदा’कडे या दृष्टीने पाहिले पाहिजे. गोविंद बल्लाळ देवल यांचे हे नाटक १८९९ मध्ये किर्लोस्कर मंडळीने प्रथम रंगभूमीवर आणले. पौराणिक कथानकांनी व्यापलेल्या संगीत रंगभूमीवर समकालीन सामाजिक प्रश्न सर्वस्वी स्वतंत्र कथानकाच्या द्वारे मांडणारे नाटक म्हणून त्याचे महत्त्व सर्वमान्य आहे. पैशाच्या लोभाने कांचनभट आपली मुलगी भुजंगनाथ या वृद्ध श्रीमंताला द्यावयास निघतो. भद्रेश्वर दीक्षित हा मध्यस्थ व्यवहार जुळवितो. आणि सर्व व्यवहार ज्या मुलीभोवती चालतो, तिला मात्र कोणी विचारीत नाही.

केशवरावांची शारदा लोकांना का हेलावून गेली, याचे उत्तर केवळ गळ्यात शोधणे अपुरे होईल. त्या काळच्या प्रेक्षकाला प्रौढ पुरुषाने केलेली सुभद्रा किंवा शकुंतला संकेताने मान्य होती. नायिकेचे सौंदर्य, तिचा शृंगार, तिचा रुसवा या गोष्टी प्रेक्षक संकेताच्या आधारे स्वीकारी. शारदा ही तशी नायिका नाही. ती अजाण आणि जाण यांच्या सीमेवर उभी असलेली मुलगी आहे, आणि नाटकाचा सारा करुण रस तिच्या वयावर अवलंबून आहे. नटाचे वय पात्राच्या वयाशी जुळले की संकेताचा पडदा गळून पडतो. रंगभूमीवर लहान मुलीचा सौदा चालला आहे हे प्रेक्षकाला मानून घ्यावे लागत नाही. समोरचे मूल त्याला दिसत असते.

याच्याही पलीकडे एक साम्य आहे, ज्याची चर्चा फारशी होत नाही. वडीलधाऱ्यांच्या गरजेने आणि व्यवहाराने ज्याचे आयुष्य ठरले, असे मूल रंगभूमीवर होते आणि रंगपटातही होते. कांचनभटाचा लोभ आणि गरीब कुटुंबाची विवंचना यांना एका मापाने मोजणे अन्यायाचे होईल. केशवरावांना आपल्या भूमिकेत आपलेच दुःख दिसत होते, असे म्हणावयासही आधार नाही. परंतु प्रयोगाचा अर्थ नटाच्या मनोगतावरच अवलंबून नसतो. बालकन्येच्या विक्रीविरुद्ध अश्रू ढाळणारा सुधारक प्रेक्षक ज्या मुलाच्या गाण्याला रात्री उशिरापर्यंत ‘वन्स मोअर’ देत होता, त्या मुलाच्या बालपणाविषयी त्याच्या मनात प्रश्न उठत नव्हता. ‘शारदा’ने कन्याविक्रयाविरुद्ध लोकमत जागे केले, ते मत रंगपटाच्या दारापाशी येऊन थांबले. हा दोष देवलांचा नव्हे. एका काळाची करुणा कोठपर्यंत पोचते, याची ती मर्यादा आहे.

४

१ जानेवारी १९०८ रोजी हुबळी येथे केशवरावांनी ‘ललितकलादर्श’ मंडळीची स्थापना केली. त्या वेळी त्यांना अठरावे वर्ष चालू होते. या घटनेचे वर्णन सामान्यतः एका मानी तरुणाचे बंड असे केले जाते. बालनटाच्या प्रश्नाच्या दृष्टीने तिचा अर्थ अधिक नेमका आहे. ज्या वयात आवाजाचे आणि शरीराचे संक्रमण होऊन बालनटाची किंमत अनिश्चित होते, नेमक्या त्या वयात केशवरावांनी आपला आवाज स्वतःच्या मालकीचा करून घेतला.

मंडळीच्या आरंभीच्या काळात भिस्त जुन्या संगीत नाटकांवर आणि मालकाच्या गळ्यावर होती. केवळ तेवढ्यावर थांबले असते, तरी केशवराव यशस्वी गायकनट ठरले असते. त्यांनी तसे केले नाही. रामकृष्णबुवा वझे यांच्यासारख्या घरंदाज गवयाकडून चाली घेऊन त्यांनी बालपणी कानांनी कमाविलेल्या विद्येला शास्त्राची जोड दिली. नेपथ्याच्या बाबतीत पु. श्री. काळे यांच्यासारख्या चित्रकाराला वाव देऊन रंगमंचाला नवे रूप आणले. मखमली दर्शनी पडद्याचे श्रेयही त्यांच्याच मंडळीला दिले जाते. अक्षरांपासून दूर वाढलेल्या या मालकाने नाटककारांची निवड मात्र विलक्षण धाडसाने केली. हिराबाई पेडणेकर यांचे ‘दामिनी’, वीर वामनराव जोशी यांचे ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’, मामा वरेरकर यांची ‘हाच मुलाचा बाप’ (१९१६) आणि ‘संन्याशाचा संसार’ (१९१९) ही नाटके ‘ललितकलादर्श’ने रंगभूमीवर आणली. स्त्री नाटककाराची कृती, राष्ट्रीय वृत्तीच्या लेखकाची कृती आणि समकालीन घरगुती प्रश्नांची नाटके एकाच मंडळीच्या पटावर यावीत, हे त्या काळी सहज घडणारे नव्हते.

यांपैकी ‘हाच मुलाचा बाप’ येथे विशेष विचारार्ह आहे. ‘शारदा’चा विषय कन्येच्या बापाने घेतलेला पैसा, वरेरकरांच्या नाटकाचा विषय वराच्या बापाने मागितलेला हुंडा. दोहोंतही आईबाप अपत्याची किंमत ठरवितात. जो मुलगा एका मंडळीच्या नोकरीत शारदा होऊन गात होता, त्यानेच मालक झाल्यावर त्या व्यवहाराची दुसरी बाजू रंगभूमीवर आणली. यात पूर्वनियोजित संगती शोधण्याचे कारण नाही. परंतु पहिले यश सामाजिक नाटकात मिळालेल्या नटाला समकालीन विषय परका वाटला नाही, आणि नवख्या लेखकाच्या हाती मंडळीचे भवितव्य देण्याचा धोका त्याने पत्करला, एवढे निश्चितपणे म्हणता येते.

या कर्तृत्वाच्या मर्यादाही नोंदविल्या पाहिजेत. केशवरावांनी व्यवस्थेतील स्वतःचे स्थान बदलले. व्यवस्था मात्र बदलली नाही. ‘दामिनी’ची लेखिका स्त्री होती, पण तिच्या नाटकातील स्त्रिया पुरुषांनीच उभ्या केल्या. स्वतः केशवराव मालक झाल्यानंतरही ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’तील मृणालिनीसारख्या स्त्रीभूमिका करीत राहिले. गळा हेच भांडवल हा संगीत नाटकाचा दंडक ‘ललितकलादर्श’नेही पाळला. बालनटाला लाभलेली मुक्तता एका व्यक्तीची होती. त्याच्यामागून येणाऱ्या मुलांसाठी तिचा नियम झाला नाही.

५

या पार्श्वभूमीवर ‘संयुक्त मानापमान’चा अर्थ पाहता येतो. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या या नाटकाचा पहिला प्रयोग १९११ मध्ये किर्लोस्कर मंडळीने केला आणि त्यातील भामिनी ही बालगंधर्वांची भूमिका ठरून गेली. टिळक स्वराज्य फंडासाठी १९२१ मध्ये ‘गंधर्व’ आणि ‘ललितकलादर्श’ या दोन प्रतिस्पर्धी मंडळ्या एकत्र आल्या तेव्हा बालगंधर्वांसमोर केशवराव धैर्यधर म्हणून उभे राहिले. या प्रयोगाची चर्चा आजवर प्रामुख्याने दोन गळ्यांची जुगलबंदी म्हणून झाली. कोणी अधिक टाळ्या घेतल्या याचे वाद पुढे दोन-तीन पिढ्या रंगले.

परंतु नाटकाचा आशय विसरून हा सामना पाहणे योग्य नव्हे. वैभवाला भाळणारी भामिनी गरीब सेनापती धैर्यधराला प्रथम तुच्छ लेखते. आणि स्वतःच्या पराक्रमाने मिळविलेला मान वारशाने आलेल्या संपत्तीहून श्रेष्ठ आहे, हे नाटक दाखविते. दुसऱ्यांच्या हुकमाने मुलगी झालेल्या नटाने अखेरीस स्वकष्टाने उभ्या राहिलेल्या पुरुषाची भूमिका स्वतःच्या मंडळीचा मालक या नात्याने केली. शारदेपासून धैर्यधरापर्यंतचे हे अंतर स्वरांच्या पट्टीत मोजता येणार नाही.

त्या प्रयोगानंतर तीन महिन्यांच्या आतच, ४ ऑक्टोबर १९२१ रोजी, विषमज्वराने केशवरावांचे निधन झाले. एकाच गळ्यावर उभी असलेली मंडळी अशा आघाताने मोडून पडावयास हवी होती. तसे झाले नाही. बापूराव पेंढारकर यांनी सूत्रे हाती घेतली, १९२२ मध्ये वरेरकरांचे ‘सत्तेचे गुलाम’ रंगभूमीवर आले आणि १९३७ मध्ये बापूरावांच्या निधनापर्यंत त्यांनी मंडळीची धुरा वाहिली. पुढे भालचंद्र पेंढारकर यांनी ते नाव पुन्हा उभे केले. केशवरावांच्या कर्तृत्वाचा निर्णायक पुरावा येथे सापडतो. बालपणी ज्याचा आवाज संस्थेच्या मालकीचा होता, त्याने स्वतःच्या आवाजाशिवाय टिकेल अशी संस्था मागे ठेवली. त्यांच्या गायनाची थोरवी आता ऐकीव साक्षींवर सोपवावी लागते. या गोष्टीला मात्र साक्षीदाराची गरज नाही.

कोल्हापुरात शाहू महाराजांनी उभारलेल्या पॅलेस थिएटरला पुढे केशवरावांचे नाव देण्यात आले. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री, त्यांच्या जयंतीच्या आदल्या दिवशी, ते नाट्यगृह आगीच्या भक्ष्यस्थानी पडले तेव्हा शोक करणाऱ्यांत ज्यांनी त्यांचे गाणे कधीच ऐकले नाही असेच सर्व होते. या शोकाचा विषय गळा असू शकत नव्हता. नाटक मंडळीने पोसलेला एक मुलगा नाटक मंडळी पोसणारा झाला, आणि त्याच्यामागे रंगभूमीसाठी एक घर उरले, ही त्या नावाची खरी कमाई होय. मराठी नाट्येतिहासाने बालनटांचे मोजमाप कौतुकाने पुष्कळ केले. किती मुले रंगभूमीवर गाजली याबरोबरच किती मुलांना तेथे मोठे होता आले, हा प्रश्न विचारल्याखेरीज ते मोजमाप पुरे होणार नाही. आणि तो विचारावयाचा झाल्यास त्याचा आरंभ केशवरावांपासून करावा लागेल.