हॅना बर्नार्डचं कपाट

आज आपण लॉरेल थॅचर अलरिक यांच्या ‘द एज ऑफ होमस्पन’ (२००१) या ग्रंथाकडे वळू. त्यात मॅसॅच्युसेट्समधल्या हॅडली गावचं, १७१५ च्या सुमाराचं एक लाकडी कपाट आहे. दर्शनी बाजूवर मोठ्या अक्षरांत मालकिणीचं नाव रंगवलंय: हॅना बर्नार्ड. आपल्याकडे भांड्यांवर नाव घालतात ना, तसंच. पण हे माहेरचं नाव. तेव्हा जमीन बहुधा मुलग्यांकडे जाई, मुलींना कपाट, चादरी, भांडी मिळत. लग्नानंतर कायद्याने तीही नवऱ्याचीच. पण हॅना गेल्यावर कपाट लेकीकडे आलं, आणि लेकीने आपल्या मुलीचं नाव ठेवलं हॅना बर्नार्ड हेस्टिंग्ज! एका कपाटातून बायकांचा वारसा असा उलगडणं, ही अलरिक यांची मोठी कामगिरी.

तरी आम्हाला एक गोष्ट खटकते. टिकलेल्या वस्तूपासून सुरुवात केली, की टिकवू शकणारी घरंच पुढे येतात. ग्रंथात मूळनिवासी बाईने विणलेली टोपली आहे, हे खरं. पण एका पेटीवर संसार करणाऱ्यांचं काय? मृत्यूनंतरच्या मालमत्तेच्या याद्याही किमतीचंच मोजतात. त्यांत कधी कधी पलंग-खुर्च्यांसोबत गुलाम माणसाचीही किंमत लिहिलेली सापडते. कपाट वाचताना ती ओळही आपण वाचली पाहिजे.