नकारानंतरचा खोपा

फोनवर क्रमशः येणाऱ्या प्रेमकथांमध्ये एक प्रसंग मला सतत भेटतो. ती ‘नाही’ म्हणते. मग तो कॉलेजच्या गेटवर, बसस्टॉपवर, तिच्या बिल्डिंगखाली उभा राहतो. विसाव्या भागात ती हसते. लेखकाच्या लेखी तिचा नकार म्हणजे फक्त स्पीडब्रेकर.

अशा लेखकांनी पावसाळ्यात सुगरणींची वसाहत बघावी. बहिणाबाईंच्या कवितेमुळे खोपा मादी विणते असं आपल्या डोक्यात बसलंय. खरा विणकर नर असतो. गवताच्या पात्यांचे बारीक चिरे काढून तो आधी अर्धाच खोपा विणतो, हेल्मेटसारखा. मग पंख फडफडवत बोलावत राहतो. माद्या येतात, आत शिरून तपासतात. नुसती वीण नाही, जागाही बघतात. पसंत पडला, तर तो खोपा पुरा करतो, खाली लांब नळी जोडतो. नाहीच कुणाला पसंत पडला, तर बऱ्याचदा तो अर्धवट सोडून नवा विणायला घेतो.

कथेसाठी यात केवढा ऐवज आहे! निवडणारी ‘ती’ आहे, तिला निकष आहेत, आणि नकारानंतर बदलावं लागतं ते त्याला. आपल्या कथांमध्ये नायिकेचे डोळे, केस, ओढणी सगळं असतं. ती काय तपासते, हे मात्र कुठेच नसतं.

दुसरी उणीव शेवटाची. होकार आला की कथा संपते. धनेशाची गोष्ट तिथे सुरू होते. मादी झाडाच्या ढोलीत शिरून दार लिंपून घेते, जेमतेम चोच मावेल एवढी फट ठेवते. महाधनेशाची मादी आत असताना उडायची पिसंही गाळते. पुढचे काही महिने नर त्या फटीतून उंबरवर्गातली फळं भरवतो. तो परतला नाही, तर? हा ताण कुठल्याही खलनायकाशिवाय तयार होतो. रोजची फेरी हाच प्रेमाचा संवाद.

पण म्हणून पक्ष्यांना आदर्श जोडपी करू नका. एक घरटं झालं की सुगरण नर दुसरीसाठी नवं विणायला घेतो. बदकांच्या काही जातींत नर मादीवर बळजबरी करतात. जोडीने राहणाऱ्या अनेक पक्ष्यांच्या घरट्यात दुसऱ्याच नराची पिल्लं असल्याचं डीएनए चाचण्यांनी दाखवलंय. निसर्गाकडून नीती उसनी घ्यायला गेलात तर हवं ते समर्थन मिळेल, त्या गेटवर उभ्या असलेल्या नायकालासुद्धा.

घ्यायची आहे ती नजर. कोण काय आणतं, कोण काय तपासतं, कोण कशाची जोखीम घेतं, हे नेमकं लिहा. मग ‘माझं तुझ्यावर प्रेम आहे’ हे वाक्य खोडून टाकलं तरी कथेचं काही बिघडणार नाही.