वैलालाचा उन्माद : एका सरकारी अहवालाची साधनपरीक्षा

मेलानेशियांतील नवयुगवादी पंथांविषयीं जो कोणी लिहितो, तो बहुधा एफ्. ई. विल्यम्स यांच्या १९२३ सालच्या अहवालापासून आरंभ करितो. पापुआ त्या वेळीं ऑस्ट्रेलियाच्या अमलाखालीं होता व विल्यम्स तेथील सरकारी नोकरींत मानवशास्त्रज्ञ होते. पुस्तक लहान, परंतु त्यावर पुढें केवढी इमारत उठली हें पाहतां त्याचा पाया तपासणें अवश्य वाटतें.

हकीकत अशी. १९१९ च्या अखेरीस पापुआच्या आखातास मिळणाऱ्या वैलाला नदीच्या परिसरांत लोकांस झटके येऊं लागले. अंग थरथरे, तोंडांतून असंबद्ध शब्द निघत. एव्हारा नामक एकानें भविष्य वर्तविलें कीं, मृत पूर्वज आगबोटींतून परत येत असून बोटींत पेट्या भरून माल आहे. पूर्वजांसाठीं गांवोगांव मेजें मांडून त्यांवर बाटल्यांत फुलें ठेविलीं गेलीं. निशाणाच्या काठीवाटे मृतांचे निरोप येतात असें मानलें गेलें. त्याच भरांत जुने विधि बंद पाडले, मुखवटे व दोरीस बांधून घुमविण्याच्या पवित्र लांकडी पट्ट्या जाळल्या.

पहिला आक्षेप मथळ्यावर. 'मॅडनेस' हा शब्द त्या लोकांचा नव्हे. त्यांचे शब्द विल्यम्स यांनींच नोंदविले आहेत : 'इकी हावेवे', म्हणजे पोटास कळत नाहीं, आणि 'हारो हेरारिपे', म्हणजे डोकें गरगरतें. दोहोंत देहाची अवस्था आहे, निवाडा नाहीं. आपल्या चरकानेंहि दोषजन्य उन्मादाहून आगंतु उन्माद वेगळा काढिला. इतका विवेक येथें मथळ्यांत झाला असता तर बरें होतें.

दुसरा मुद्दा काळाचा. चळवळ सुरू होऊन दोन वर्षांहून अधिक काळ लोटल्यावर विल्यम्स यांनीं चौकशी केली. मेजें, काठ्या, ओस पडलेले विधि हें त्यांनीं स्वतः पाहिलें. तो भाग अव्वल दर्जाचा. आरंभाची हकीकत मात्र जी. एच्. मरे या अधिकाऱ्याच्या कागदांवरून व ऐकीव माहितीवरून आली आहे. दोन्ही भाग एकाच ठाम स्वरांत सांगितल्यामुळें वाचक फसतो.

तिसरी गोष्ट अधिक नाजूक आहे. अहवालाच्या पूर्ण नांवांतच देशी विधींच्या नाशाचा उल्लेख आहे, आणि लेखकाचा जीव त्या विधींत गुंतलेला होता. पोथी जाळणाऱ्याविषयीं आपणां संग्राहकांस जो संताप येतो, तोच हा. तो समजण्याजोगा आहे. पण त्यापायीं जाळणाऱ्याची बाजू अहवालांत दुबळी राहिली.

विल्यम्स यांची खरी थोरवी १९३४ च्या लेखांत दिसते. पुन्हा चौकशी केली तेव्हां लोक सांगूं लागले कीं, त्या दिवसांत जमीन हालली, मृत किनाऱ्यावर दिसले, न दिसणाऱ्या बोटीच्या यंत्राचा व नांगराच्या साखळीचा आवाज ऐकूं आला. न घडलेलें भविष्य पंधरा वर्षांच्या आंत घडलेला इतिहास झालें. बखरी वाचणाऱ्यास यांत नवल नाहीं. परंतु हें रूपांतर एकाच साक्षीदारानें दोनदां टिपून ठेवावें, असा योग क्वचितच येतो.

पीटर वर्स्ली यांस न्यू गिनींत जाण्याची परवानगी मिळाली नाहीं. त्यांचा १९५७ चा ग्रंथ छापील साधनांवरच उभा आहे. वसाहतीच्या जुलमास दिलेलें उत्तर, हा त्यांनीं लाविलेला अर्थ आम्हांस बराचसा पटतो. तरी ज्या अहवालावर तो उभारला त्याचे थर त्यांनीं पुरेसे सोडविले नाहींत. शिवाय 'कार्गो कल्ट' हें नांव छापून आलें १९४५ मध्यें, 'पॅसिफिक आयलंड्स मंथली' या गोऱ्यांच्या मासिकांत. तें १९१९ च्या घटनेस लाविणें म्हणजे उत्तरकालीन शिक्का जुन्या कागदावर मारणें होय. विल्यम्स १९४३ सालीं विमान-अपघातांत वारले. त्यांच्या निबंधांचा संग्रह एरिक श्विमर यांनीं १९७६ सालीं काढिला, आणि मुखपृष्ठावर पुन्हा 'मॅडनेस' हाच शब्द आला.