उजेडाला कारण हवे : नेस्तोर आल्मेंद्रोसचे छायाचित्रण

तत्त्वज्ञान शिकवण्यात आयुष्य घालवलेल्या माणसाने कॅमेरामनवर का बोलावं, असं काहींच्या मनात आलं असेल. पण नेस्तोर आल्मेंद्रोस हा थोडासा आमच्याच घराण्यातला. जन्म बार्सिलोनाचा, १९३०चा. पुढे तो क्यूबात गेला आणि हवाना विद्यापीठात तत्त्वज्ञान आणि साहित्य शिकला. सिनेमाचे शिक्षण न्यूयॉर्कला आणि रोमला झाले. मग पुन्हा क्यूबा, १९६१पासून पॅरिस आणि शेवटी हॉलिवूड.

इतक्या शाळा हिंडलेल्या या माणसाला मोठा धडा मिळाला तो मात्र गरजेतून. क्यूबात माहितीपट करताना खेड्यातल्या घरांत वीज नसे. तेव्हा बाहेर आरसा धरायचा, खिडकीतून ऊन आत घ्यायचं आणि ते छतावर पाडायचं. छतावरून परतलेला उजेड चेहऱ्यांवर मऊ उतरतो.

यातून त्याचा नियम पक्का झाला : पडद्यावरच्या प्रत्येक उजेडाला त्या जागेतच कारण हवे. जुन्या स्टुडिओतल्या नायिकेच्या केसांमागे तेजोवलय दिसते. ते येते कुठून? खोलीत तर तसा दिवाच नाही. आमच्या भाषेत, कारणाविना कार्य! एरिक रोमेरचा 'माय नाइट ॲट मॉड्स' (१९६९) पाहा. पास्कालवर रात्रभर वाद घालणारी माणसं एका साध्या खोलीत बसली आहेत, आणि उजेड त्या खोलीचाच वाटतो.

म्हणजे त्याने दिवे वापरलेच नाहीत, असं नव्हे. टेरेन्स मॅलिकच्या 'डेज ऑफ हेवन'मध्ये (१९७८) कंदिलांच्या आत विजेचे दिवे लपवले होते. पण उजेड कंदिलातूनच येत होता, नियम मोडला नाही. याच चित्रपटाने त्याला ऑस्कर मिळवून दिले.

आता आमचा आक्षेप. या चित्रपटाचा बराच भाग सूर्य मावळल्यानंतरच्या वीसेक मिनिटांत टिपलेला आहे. आकाश उजळ, सूर्य मात्र गायब. गव्हाच्या शेतात राबणारे मजूर त्यात चित्रासारखे सुंदर दिसतात. उजेड खराच आहे हो, पण दिवसाच्या चोवीस तासांतून ही वीस मिनिटंच का निवडली? त्या निवडीचं कारण शेतात नाही, ते पाहणाऱ्याच्या सौंदर्यदृष्टीत आहे. गोष्ट एक लहान मुलगी आठवून सांगते आणि आठवणीला असा रंग चढतोच, असा बचाव करता येईल. पण तो दिग्दर्शकाचा बचाव झाला. आल्मेंद्रोसचा नियम एकेका चौकटीचा खरेपणा सांभाळतो. सगळ्या चौकटी मिळून काय सांगतात, याची हमी देत नाही.

म्हणून आम्हाला त्याचा 'इम्प्रॉपर कंडक्ट' (१९८४) महत्त्वाचा वाटतो. क्यूबात समलिंगी माणसांचा आणि वेगळं मत मांडणाऱ्यांचा जो छळ झाला, त्यावरचा हा माहितीपट त्याने ओरलांदो हिमेनेस लेआलबरोबर केला. देशाबाहेर पडलेली माणसं कॅमेऱ्यासमोर बसून बोलतात, एवढंच. संध्याकाळची वाट पाहणं नाही, शेताची शोभा नाही. जगातला एक नावाजलेला छायाचित्रकार इथे आपली कला बाजूला ठेवून ऐकत बसला आहे.

१९९२मध्ये तो न्यूयॉर्कला वारला. 'डेज ऑफ हेवन' जरूर बघा, डोळे निवतील. पण त्यानंतर लगेच 'इम्प्रॉपर कंडक्ट' बघा, अशी आमची विनंती आहे. दोन्हींतला उजेड खराच आहे. कशासाठी खरा, हे मग प्रश्नोत्तरांत आपण बोलू.