सागरतीरावरील गायक

पश्चात्ताप झाला म्हणजे माणूस परतला, असे म्हणता येईल काय? जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘द सिल्मरिलियन’ या ग्रंथातील मॅग्लॉर या गायकाची कथा वाचताना हा प्रश्न आम्हांला पुनःपुन्हा पडला. टॉल्किन १९७३ साली निवर्तले. त्यांचे पुत्र क्रिस्टोफर यांनी संपादून हा ग्रंथ १९७७ मध्ये प्रसिद्ध केला. टॉल्किन हे श्रद्धावान कॅथलिक होते. १९०४ मध्ये आई वारल्यावर बर्मिंगहॅमच्या ऑरेटरीतील फादर फ्रान्सिस मॉर्गन यांनी त्यांचे पालकत्व स्वीकारले. तथापि रूपककथेची त्यांना नावड होती. त्यांच्या कल्पित जगात चर्च वा क्रूस शोधू नये. श्रद्धा तेथे कथेच्या अंतरंगातून वाहते.

या जगाची उत्पत्तीच संगीतातून झाली आहे. एकमेव परमेश्वर इलूवातार सूर देतो, देवदूतांसारखे आत्मे तो आळवतात आणि त्या गायनाप्रमाणे सृष्टी साकारते. अशा जगात गीताला अद्भुत सामर्थ्य असावे, हे ओघानेच आले. फिनरॉड राजा दुष्ट सॉरॉनशी गीतांनीच झुंजतो. लूथिएनचे गाणे मृतांच्या न्यायाधीशालाही द्रवविते. मॅग्लॉर हा याच मालिकेतील थोर गायक.

त्याचा पिता फेआनोर याने घडविलेली तीन तेजोमय रत्ने चोरीला जातात. ती परत मिळविण्यासाठी पिता आणि सात पुत्र परमेश्वराचे नाव घेऊन भयंकर शपथ वाहतात. त्या शपथेपायी स्वजनांचेच रक्त सांडते. आपल्या कुळाच्या या अधःपतनावर मॅग्लॉर ‘नोल्दोलान्ते’ हे विलापगीत रचतो. पुढे आणखी एका संहारात आईबापांपासून तुटलेल्या एल्रॉन्ड व एल्रॉस या जुळ्या बालकांना तो मायेने सांभाळतो. मारेकऱ्याच्या हृदयातही करुणा जिवंत आहे.

अखेरच्या युद्धानंतर दोन रत्ने विजेत्यांच्या छावणीत असतात. शरण जावे, शपथ मोडल्याने निदान पाप तरी कमी घडेल, असे मॅग्लॉर थोरला भाऊ मायध्रोस याला विनवितो. आमच्या मते ग्रंथातील हा सर्वांत अर्थगर्भ संवाद आहे. दुष्कृत्याची शपथ पाळू नये, अशीच संत थॉमस अक्विनास यांची शिकवण आहे; आणि शपथेचा मान राखण्यासाठी हेरोदाने योहानाचे शिर कसे छेदविले, हे आपण शुभवर्तमानात वाचतो. मॅग्लॉरला सत्य उमगते. पण तो भावापुढे नमतो. पहारेकऱ्यांना ठार मारून दोघे रत्ने हस्तगत करतात आणि ती पवित्र रत्ने त्यांचे हात जाळतात. मायध्रोस रत्नासह अग्निदरीत उडी घेतो. मॅग्लॉर आपले रत्न समुद्रात फेकतो आणि किनाऱ्याकिनाऱ्याने दुःखाची गीते गात भटकतो. आपल्या लोकांत तो पुन्हा कधीच येत नाही.

यहूदानेही चांदीची नाणी मंदिरात फेकली होती. पेत्रही ढसढसा रडला. परंतु तो प्रभूकडे परतला. मॅग्लॉर या दोघांच्या मधोमध उभा आहे. त्याने पापाचे फळ टाकले, पण क्षमेसाठी हात पसरला नाही. त्याचे गाणे सागर ऐकतो. ज्यांचा अपराध केला, त्यांच्या कानी ते पडत नाही.

ग्रंथात उणिवा आहेत. नावांची दाटी वाचकाला थकविते, बखरीसारख्या निवेदनामुळे पात्रांचे मन दुरूनच दिसते, आणि ज्या विलापगीताची एवढी थोरवी, त्याची एकही ओळ हाती लागत नाही. मॅग्लॉरचा शेवटही मोजक्या वाक्यांत उरकला आहे. मात्र हा संयम आम्हांला मोलाचा वाटतो. १९५१च्या सुमारास एका प्रकाशकाला लिहिलेल्या दीर्घ पत्रात टॉल्किन यांनी दोन्ही भावांनी आत्मनाश केल्याचे म्हटले होते. प्रसिद्ध ग्रंथात मात्र मॅग्लॉर जिवंत राहतो. त्यामुळे परतीचे दार बंद झालेले नाही.

उपवासकाळात ख्रिस्तमंदिरात गाताना आपलेही डोळे पाणावतात. ते अश्रू खोटे नसतात. पण गीत संपल्यावर पाय पापनिवेदनाकडे आणि दुरावलेल्या भावाच्या उंबरठ्याकडे वळले नाहीत, तर आपणही त्या किनाऱ्यावरचेच गायक ठरतो.